बाबांनी कोचीत घेतलेली मासळी

आमच्या घरात बाबांचा आवाज बंद पडला तो माझ्यामुळे. चूक कबूल करायला मला सहा महिने आणि एक समुद्र लागला, म्हणून सुरुवातीलाच सांगून टाकते.

बाबा कारंज्याच्या भाजीबाजारात हर्रास बोलायचे. लिलावाला आमच्याकडे हर्रास म्हणतात. कामरगावच्या रस्त्याला आमची थोडी बागायत आहे, तिथली वांगी, मिरची, सांभार म्हणजे कोथिंबीर घेऊन ते पहाटे बाजारात जायचे आणि आपला माल उतरवला की अडत्याच्या ओट्यावर चढून सगळ्यांच्या मालाची बोली पुकारायचे. भाव एक पायरी चढला की त्यांच्या उजव्या हाताचं बोट वर जायचं. आवाज असा, की बस स्टँडवरच्या माणसाला बसल्या जागी मेथीचा भाव कळावा.

गेल्या उन्हाळ्यात ते ओट्यावरच चक्कर येऊन पडले. डॉक्टर म्हणाले, विशेष काही नाही, अंगातलं पाणी कमी झालं, उपाशीपोटी ओरडत जाऊ नका. पण मी शिक्षिका. डॉक्टर जे बोलले नाहीत तेही मला ऐकू येतं. केनवडच्या शाळेतून रजा टाकून आले आणि फर्मान काढलं, बाजार बंद, आता घरी बसायचं. बाबांनी वाद घातला नाही. मला वाटलं, जिंकले.

त्यानंतर बाबांकडे तीनच शब्द उरले. हो, नाई आणि जेवतो. बाकी वेळ ते पलंगावर बसून भिंतीकडे बघत. आई मला फोनवर म्हणाली, "बाई, घरात मानूस हाये का फोटो, मले तं समजून नाई राह्यलं. हार घालाचाच बाकी हाये."

तेव्हा मला हवापालटाची कल्पना सुचली. माझ्या कल्पना अशाच असतात, औषध देऊन आजार केला तर त्यावर दुसरं औषध. दिवाळीच्या सुट्टीत वाशिमहून केरळची एक सहल निघत होती. मी तीन जागा धरल्या. मला केरळ बघायचंच नव्हतं. बाबा पुन्हा बोलले पाहिजेत, एवढंच हवं होतं. नारळाची झाडं बघून बोलोत, हत्ती बघून बोलोत, नाहीतर मला शिव्या देऊन बोलोत.

रेल्वेत दीड दिवस बाबा गप्प. चहाच्या मळ्यांत गप्प. हत्तीकडे त्यांनी असं पाहिलं, जसा तोही माझ्याच फर्मानाने घरी बसवलेला आहे. शेवटचा दिवस उरला, "कोची दर्शन, गाईडसह".

सकाळी आम्हा सगळ्यांना पोपटी टोप्या वाटल्या, हरवलो तर ओळखू यावं म्हणून. गाईड तिथलाच, हिंदी छान बोलणारा, हातात लाल छत्री उंच धरून चालणारा. तो पुढे आणि मागे आमची पोपटी ओळ. फोर्ट कोचीचे रस्ते स्वच्छ, झाडं एवढी मोठी की एकेका झाडाखाली आमचा अख्खा आठवडी बाजार मावेल. पोर्तुगीज आले, मग डच आले, मग इंग्रज आले, असं गाईड सांगत होता. रिठदच्या एक मावशी होत्या, त्यांनी विचारलं, "आले तं आले, पन च्या कोठी भेटते?"

पहिलं चर्च. तिथे एका पोर्तुगीज दर्यावर्द्याला पुरलं होतं, असं गाईडने आवाज खाली आणून सांगितलं. काही वर्षांनी त्याचे अवशेष मायदेशी नेले. म्हणजे आम्ही वाशिमहून एवढे लांब येऊन एक रिकामी जागा बघत होतो. मावशी म्हणाल्या, "नेलं तं नेलं, मंग जागा काहून अडवून ठेवली?" छताला कापडी पंखे टांगलेले होते. त्यांच्या दोऱ्या भिंतीतून बाहेर काढलेल्या, बाहेर माणूस बसून ओढायचा आणि आत साहेबांना वारा लागायचा. आई वर बघत म्हणाली, "आन बाहीर त्याले कोन वारा घाले?" बाबा खांबाला टेकून उभे होते. मी विचारलं, "बाबा, छान हाये ना?" ते म्हणाले, "हो."

तिथून चालत समुद्रावर. पाण्यावर मोठमोठ्या लाकडांना बांधलेली चिनी जाळी, दोरांना धोंडे लावलेले. पाच-सहा माणसं दोर ओढतात आणि जाळं पाण्यातून वर येतं, जुन्या मोटेसारखं. गाईड चीनपासून सुरू झाला. मी बाबांसाठी शहाळं आणायला वळले. परत आले तर बाबा जागेवर नव्हते.

ते वीस पावलांवर, माणसांच्या घोळक्यात उभे होते. ओल्या ताडपत्रीवर मासळीचे ढीग, आणि लुंगी गुडघ्यावर दुमडलेला एक जाडजूड माणूस मल्याळममध्ये भाव पुकारत होता. आम्हाला एक अक्षर कळत नव्हतं. पण बाबांची मान ताठ झाली होती आणि डोळे माणसामाणसावरून फिरत होते, कोण घेणार, कोण नुसतं उभं आहे ते हेरत. आणि भाव चढला की त्यांचं उजवं बोट वर जात होतं.

ते नुसती साथ देत होते, ओट्यावरच्या सवयीने. पण ते ओट्यावर नव्हते, गिऱ्हाइकांत उभे होते. लुंगीवाल्याला वाटलं, हा पोपटी टोपीवाला म्हातारा हट्टाला पेटलाय. तो भाव वाढवी, बाबांचं बोट वर. तो आणखी वाढवी, बोट आणखी वर. शेवटी बाकीचे गप्प झाले आणि बाबा एकटेच स्वतःवर चढ करत राहिले. लुंगीवाल्याने टाळी वाजवली आणि एक मोठा ढीग बाबांच्या पायाशी सरकवला.

माझे बाबा शेजारच्या घरी अंडं फुटलं तर आपलं ताट उचलून अंगणात जातात.

गाईड छत्री मिटून धावत आला. टूरिस्ट आहेत, चुकून झालं, असं त्याने हात जोडून सांगितलं. लुंगीवाला चांगला माणूस. हसला आणि ढीग परत ओढायला वाकला.

"थांब," बाबा म्हणाले.

मी शहाळं हातात धरून तशीच उभी.

"बोट वर गेलं का सौदा झाला," बाबा गाईडला म्हणाले. "हर्रासात माघार नसते. त्याले सांग, माल माया हाये."

सहा महिन्यांतलं त्यांचं सगळ्यात लांब बोलणं. आई पुढे झाली. "अवो, मासे हायेत ते!"

"दिसून राह्यलं मले."

"मंग काय कराचं त्याचं?"

"घेतलं ते इकाचं. दुसरं काय करतेत?"

पैसे अर्थातच माझ्या पर्समधून गेले. बाबांनी जवळचा एक रिकामा क्रेट उपडा घातला, माझ्या खांद्याचा आधार घेऊन त्यावर चढले, टोपी नीट केली आणि घसा खाकरला. मग तो आवाज निघाला. मला आधी वाटलं होतं, गंजला असेल. कुठला गंज? जाळी ओढणाऱ्या माणसांनी दोर धरूनच माना वळवल्या.

"हां, चला, चला, चला! ताजा माल! आज सकायीच तोडेल माल हाये!"

वाशिमची अख्खी पोपटी ओळ फिदीफिदी हसायला लागली. बाबांना ऐकूच आलं नाही. "कवया माल! बी नाई धरेल! हात लावून पाहा, दबत नाई!" भाषा वऱ्हाडी, माल समुद्राचा, वर्णन वांग्यांचं. पण बोटं सगळ्यांना कळत होती. टोपली घेतलेल्या एका कोळिणीने दोन बोटं दाखवली. बाबांनी तोंड असं केलं, जसा तिने त्यांच्या कुळाचा अपमान केला. तिने तीन दाखवली. मागून हॉटेलवाला वाटणाऱ्या एका माणसाने चार. आता लुंगीवाला स्वतः कमरेवर हात ठेवून आपल्याच मालाचा हर्रास बघत होता आणि मध्येच मल्याळममध्ये बाबांची री ओढत होता. बाबा मराठीत एक, तो मल्याळममध्ये एक. दोघांना एकमेकांचं काही कळत नव्हतं आणि काही अडतही नव्हतं.

ढीग शेवटी कोळिणीला गेला, घेतल्या भावाच्या जरा खाली. बाबा क्रेटवरून उतरले, घामाने निथळत. "नवा बाजार, पह्यला दिवस," ते मला म्हणाले. "येवढं चालते." लुंगीवाल्याने त्यांच्यासाठी काळा चहा मागवला आणि त्यांचा हात हातात घेऊन बराच वेळ हलवत राहिला. मला रडू आलं. मी ते लपवलं नाही, लपवायला तिथे जागाच नव्हती.

मग दिवसभर बाबांना थांबवणं कठीण झालं. डच राजवाडा बांधला पोर्तुगीजांनी, असं गाईडने सांगताच ते म्हणाले, "मंग नाव डचाचं कसं? आपल्याकडे सभामंडप एक बांधते आन पाटी दुसरा लावते, तसं दिसते." यहुद्यांच्या प्रार्थनास्थळात जमिनीवर चिनी फरशा, प्रत्येकीवरचं चित्र हाताने काढलेलं, म्हणून एक दुसरीसारखी नाही. बाबा खाली बसून शोधत राहिले, दोन सारख्या सापडतात का. मसाल्याच्या गल्लीत त्यांनी मिरी तळहातावर घेऊन दाताने फोडली आणि गाईडला विचारलं, हर्रास कुठे होतो, किती वाजता, बोलतो कोण. गाईड बिचारा पोर्तुगीजांच्या गोष्टीवर परत यायला धडपडत होता. आई मागून चालता चालता पुटपुटली, "लागला बोलाले. आता कान गेले आपले." पण तिचं तोंड लाडू खाल्ल्यासारखं झालं होतं.

संध्याकाळी परतीच्या बोटीत मी बाबांच्या शेजारी बसले. मी भलतीच खूश होते, स्वतःवर. बघा, माझा उपाय लागू पडला. आईलाही मी तेच ऐकवत होते. हवापालट झाला की माणूस कसा उमलतो, पुढच्या वर्षी कुठे जायचं, राजस्थान का काश्मीर.

बाबा पाण्याकडे बघत ऐकत होते. मग म्हणाले, "बाई, एक इचारू?"

"इचारा ना, बाबा."

"येवढ्या दूर काहून आनलं मले? बाजार तं आपल्या कारंज्यातच होता."

त्यात राग नव्हता. राग असता तर मी भांडले असते, भांडणात मी कोणाला ऐकत नाही. त्यांना खरंच कळत नव्हतं, एवढी शिकलेली मुलगी एवढा लांबचा रस्ता का धरते.

"मले भेव वाटते, बाबा," मी म्हणाले. घरच्या बोलीत कधी बोलायला लागले ते माझं मलाच कळलं नाही. "तुमी तिथंच पडले तं?"

"मले बी वाटते," बाबा म्हणाले. "पलंगावर बसलो का रोज वाटे. आज नाई वाटलं."

आईने पदर तोंडाला लावला. मी चुकले होते, आणि ते बोटीतल्या सगळ्यांना दिसतंय असं मला वाटलं. मोबाईल काढला, अडत्याचा नंबर लावला आणि फोन बाबांच्या हातात दिला.

"हालो," बाबा म्हणाले, ओट्यावरच्या आवाजात, आणि अर्धी बोट वळून बघायला लागली. "मी बोलून राह्यलो. सोमवारी येतो."