बोर्डाखालचा स्क्रू

कुरुळीच्या फाट्यावर झेंडूचे ढीग लागले की त्या वासाने मला आजही एका जागी बसवत नाही. मी नोकरी शोधत होतो त्या वर्षी खंडेनवमीला आईने विळ्या-कोयत्यांबरोबर माझ्या कॉम्प्युटरचीही पूजा केली. हळदकुंकू वाहिलं, फुलाने पाणी शिंपडलं. नंतर मी बटण दाबलं, तर पंखा जरासा हलला आणि थांबला. दोन तासांवर नोकरीसाठी ड्रॉइंगची ऑनलाइन परीक्षा आली होती, आणि ती मोबाइलवर देता येण्यासारखी नव्हती. "पाणी कशाला मारलंस त्याच्यावर? वाट लावलीस सगळी!" मी ओरडलो. "आरं, दोन थेंब तर व्हते," म्हणत ती दारातच उभी राहिली. मी कॉम्प्युटरचा डबा उघडला, मीटर लावून वीज येते का पाहिलं, रॅम काढून पुसली, उठलो, बसलो, घड्याळ पाहिलं, पुन्हा बटण दाबलं. पंखा तसाच हलून थांबला. शेवटी मदरबोर्डच सोडवून उचलला, तर खाली अडकलेला एक बारका स्क्रू टणकन पत्र्यावर वाजला. आदल्या दिवशी पूजेसाठी धूळ झाडायला डबा मीच उघडला होता आणि नंतर चालू करून पाहिलाच नव्हता. तेव्हा निसटलेला तो स्क्रू बोर्ड शॉर्ट करत होता. बोर्ड परत बसवला आणि कॉम्प्युटर सुरू झाला. "वाळलं व्हय रं पाणी?" आईने हळूच विचारलं. स्क्रू मुठीत दाबून मी "हो" म्हणालो. नोकरी लागली, त्यालाही आता बरीच वर्षं झाली. पण खंडेनवमीला आई अजूनही आधी पदराला हात कोरडे पुसते आणि मग कॉम्प्युटरला लांबूनच नमस्कार करते.