भोंगा मामीचा पहिला अल्बम

माझ्या मामीला लहानपणापासून सगळे भोंगा म्हणत. सहा भावंडांत ती शेंडेफळ. जेवायची वेळ झाली की तिची आई तिलाच गच्चीवर पिटाळायची. मामीनं एक हाक मारली की तिची भावंडं तर यायचीच, पण गल्लीतली परकी पोरंही खेळ अर्धा टाकून आपापल्या घरी पळायची. लग्नानंतर नाव बदललं, आडनाव बदललं, भोंगा मात्र तसाच राहिला.

सासर म्हणजे सोफे दुरुस्तीचं दुकान. पुढं गिऱ्हाइकांसाठी दोन खुर्च्या, मागं मोठी खोली, तिच्यात छतापर्यंत फोमच्या लाद्या आणि कापडाचे तागे. मामा सांगाडे दुरुस्त करतो, मामी खोळी शिवते. कापड ठोकताना लागणारे बारीक खिळे, म्हणजे चुका, मामा मूठभर ओठांत धरतो आणि एकेक काढून हातोडीनं बसवतो. दिवसभर तोंडात चुका असल्यामुळं तोंडून शब्द काही फुटत नाही.

"वन्सं, तुमच्या भावाला एकच अक्षर येतं, 'हं'," मामी माझ्या आईला सांगते. "होकाराचा कुठला आणि नकाराचा कुठला, हे कळेपर्यंत मला दोन पोरं झाली."

आई आणि मामी नणंद-भावजया असल्या तरी त्यांचं मेतकूट जमलं ते गाण्यामुळं. एका हॉटेलात दर शनिवारी 'सोल' नावाचं अमेरिकन गाणं गाणारी मंडळी यायची. हे गाणं बेंबीच्या देठापासून येतं. एकच ओळ आधी विनवणी केल्यासारखी, मग भांडल्यासारखी, शेवटी देवाला जाब विचारल्यासारखी म्हणायची, आणि ऐकणाऱ्याचा पाय मात्र खाली ठेका धरून असतो. दोघी एकदा ऐकायला गेल्या आणि पुढं वर्षानुवर्षं तिथंच कोरसमध्ये उभ्या राहिल्या. काम काय, तर मुख्य गायिकेच्या मागं 'ऊऊ' आणि 'आआ' करायचं. मुख्य गायिका कडक बाई. मामीचा आवाज मोठा, म्हणून ती तिला खुणेनंच माइकपासून मागं सारायची. मामीला त्याची इतकी सवय झाली की माइक दिसला की तिचा पाय आपोआप मागं जाई.

एके दिवशी दुकानात एक पोनी बांधलेला माणूस स्टुडिओतला फाटका सोफा घेऊन आला. मागच्या खोलीत मामी दाभणानं जाड कापड शिवत होती आणि तोंडानं गात होती.

"आत रेडिओ लागलाय का?" त्यानं विचारलं.

"हं," मामा म्हणाला. तो नकाराचा होता, पण त्या बिचाऱ्याला काय कळणार!

सोफा न्यायला आला तेव्हा पुन्हा तेच गाणं. मग तो एक खुर्ची घेऊन आला. मग एक स्टूल. शेवटी दुरुस्त करण्यासारखं काही उरलं नाही तेव्हा रिकाम्या हातानं आला आणि म्हणाला, "काकू, मी रेकॉर्डिंग करतो. तुमचा अल्बम करूया."

मामीला वाटलं, अल्बम म्हणजे फोटोंचा. "आहे की लग्नातला," ती म्हणाली.

गाणी कुठून आणायची हा प्रश्नच नव्हता. शिवताना मामी चाली गुणगुणायची आणि आई रविवारी येऊन त्यांना शब्द घालायची. एक गाणं हरवलेल्या छत्रीवर होतं, एक गुडघेदुखीवर, आणि सगळ्यांत लाडकं मामावर:

बोल रे माणसा, काहीतरी बोल,
तुझ्या गप्पपणाचा केवढा हा ढोल!

स्टुडिओत मात्र सगळंच फिसकटलं. काचेच्या खोलीत मामीला एकटीला उभं केलं, कानाला हेडफोन लावले. स्वतःचा आवाज कानात घुमला तशी ती दचकली. "अगं बाई, हे कोण बोंबलतंय?" त्यानंतर ती इतकी जपून गायला लागली की शेजारी बाळ झोपलंय असं वाटावं. शिवाय पाय मागं जायचा तो जायचाच. रेकॉर्डिंगवाला म्हणायचा, "काकू, पुढं या." ती यायची, आणि दुसऱ्या ओळीला पुन्हा भिंतीला टेकलेली असायची. दोन दिवस असे गेले. तिसऱ्या दिवशी ती गेलीच नाही.

आई मला घेऊन तणतणत दुकानात आली. मामी मान खाली घालून शिवत होती.

"वहिनी, हा काय पोरखेळ?"

"माझ्याच्यानं नाही होत, वन्सं. आयुष्य मागं उभं राहण्यात गेलं. आता या वयात पुढं उभी राहून हसं कशाला करून घेऊ?"

"हसं? अगं, तुझ्या शेजारी उभं राहून माझा डावा कान गेलाय! तो काय उगाच गेला?"

मामीला हसू आलं आणि त्याच्याबरोबर रडूही आलं. दोघी एकमेकींना नाक पुसायला कापडाचे तुकडे देत बसल्या. तेवढ्यात मामानं हातोडी खाली ठेवली. ओठांतल्या चुका एकेक करून तळहातावर काढल्या. आम्ही सगळे थक्क, कारण दुकान उघडं असताना हे कधी घडलं नव्हतं.

"इथंच गा की," तो म्हणाला आणि चुका परत तोंडात टाकल्या.

रेकॉर्डिंगवाला मागच्या खोलीत आला. त्यानं टाळी वाजवली. आवाज जागच्या जागी विरला. फोमच्या लाद्यांनी आणि ताग्यांनी जराही प्रतिध्वनी उमटू दिला नाही. "मी सगळी हयात अशी खोली शोधतोय, आणि ती तुम्ही सोफ्यांनी भरून ठेवलीय!" असं म्हणून तो हसतच सुटला.

रविवारी दुकान बंद ठेवलं. वादक अर्ध्या बांधलेल्या खुर्च्यांवर बसले. मामीच्या शेजारी आई. मागं सरकण्याच्या खोडीवरचा इलाजही मामानंच काढला. त्यानं लाल मखमलीचा एक जड सोफा ओढत आणून मामीच्या पोटऱ्यांना टेकवून ठेवला. पहिल्याच गाण्यात तिचा पाय मागं गेला आणि भर तानेत ती धपकन सोफ्यावर बसली. हसण्याचा जो स्फोट झाला तो अल्बममध्ये तसाच आहे. मग ती उठली, पदर खोचला, आणि गायली. तशी तिला मी कधी ऐकली नव्हती. गच्चीवरून हाक मारणारी ती मुलगी कशी असेल, ते मला त्या दिवशी समजलं.

मामावरचं गाणं संपलं. मामा कोपऱ्यात उभा होता.

"हे माझ्यावर आहे का?" त्यानं विचारलं.

"नाही, शेजाऱ्यांवर!" आई म्हणाली.

मामानं थोडा विचार केला. "बरं आहे," तो म्हणाला. मामीनं ते दोन शब्द पुढं महिनाभर येईल त्याला ऐकवले.

अल्बमचं नाव ठेवलं 'भोंगा'. पहिला कार्यक्रम त्याच हॉटेलात झाला. म्हातारी झालेली मुख्य गायिका काठी टेकत येऊन पुढच्या रांगेत बसली. कार्यक्रम संपल्यावर मामी वाकून भेटायला गेली, तर ती म्हणाली, "मला तेव्हाच माहीत होतं. म्हणून तर तुला मागं उभी करायचे." मामीनं तिला घट्ट मिठी मारली. राग धरायला तिच्याकडं वेळही नव्हता, बाहेर लोक थांबले होते.

अल्बमनं जग वगैरे जिंकलं नाही. रेडिओवर अधूनमधून लागतो, परगावची बोलावणी येतात, आणि मामी हातातल्या खोळी पुऱ्या करून मगच जाते.

परवा ती बसनं घरी येत होती. शेजारच्या बाईनं फोनवर गाणं लावलं, ते नेमकं हिचंच. बाई डोळे मिटून मान हलवत होती. मामी बसल्या जागी पायानं ठेका धरून राहिली. तिचा स्टॉप आला आणि गेला, गाणं अजून चालू होतं. ते संपल्यावरच ती उतरली आणि सगळा रस्ता गुणगुणत चालत परत आली.