न वाचलेलं पान

आमच्या रुग्णालयात पेशंटना आपले रिपोर्ट पाहता यावेत म्हणून बाहेर एक संगणक ठेवला आहे. त्यावरची वेबसाइट मी बनवलेली. एका सकाळी मी तिथे जवळच असताना एक बाई रिपोर्ट पाहून, रीतसर लॉगआउट करून उठल्या. त्यांच्यामागचे आजोबा खुर्चीत बसले आणि त्यांच्या हातून चुकून मागे जायचं बटण दाबलं गेलं. बाईंचा रिपोर्ट जसाच्या तसा पडद्यावर आला. ब्राउझरने तो परस्पर साठवून ठेवला होता.

आजोबांनी झटकन पडद्यावर तळहात धरला आणि मान वळवली.

"ताई, तुमचं पान उघडं राहिलंय," ते हळूच म्हणाले. "मी वाचलेलं नाही."

मी धावत जाऊन ते बंद केलं. "चूक माझी आहे," मी म्हणालो. बाईंनी आजोबांना नुसते हात जोडले. त्यांचे डोळे भरले होते.

दुपारी मी प्रत्येक पानाबरोबर ब्राउझरला सूचना धाडली की हे साठवू नकोस. बटण दाबून पाहिलं, तर आता लॉगिनचं पान आलं. एका ओळीचं काम होतं ते. पण अक्षरं समोर आली की डोळे आपोआप वाचतात. आजोबांनी ते कसं थांबवलं, हे मला अजून उमगलेलं नाही.