एका ओळीचं काम

मुरुडच्या सुचिताला आळीत सगळे ‘कॉम्प्युटरवाली’ म्हणतात, पण ती नेमकं करते काय ते कुणाला धड सांगता येत नाही. काशीद-मुरुडकडे घरगुती खोल्या देणाऱ्या चाळीस घरांची एक वेबसाइट आहे, ती सांभाळते. वेबसाइटचा मालक सलिल, बागायतदाराचा मुलगा, तोंडाने मोठा गोड.

पूर्वी तिथे प्रत्येक घराची लिंक म्हणजे प्रश्नचिन्हं आणि आकड्यांची लांबलचक शेपटी. माणसाला वाचता येईना, गूगल ढुंकून बघेना. सुचिताने तीन महिने खपून राउटिंग, म्हणजे कुठला पत्ता कुठल्या पानावर नेतो ती मांडणी, नव्याने लिहिलं. आधी गाव, मग घरमालकाचं नाव, एवढाच सुटसुटीत पत्ता. जुनी लिंक दाबली तरी माणूस नव्या पत्त्यावर पोचेल, अशी सोयही केली. काशीदच्या कृष्णाबाईच्या दोनच खोल्या, पण हाताला चव. ‘काशीद घरगुती जेवण’ शोधलं की पहिलं तिचंच पान दिसू लागलं आणि तिच्या फोनला उसंत मिळेना.

मग सलिलने स्वतःचं रिसॉर्ट बांधलं. “साइटवरून घरं काढून टाक,” तो म्हणाला, “पण पत्ते मोडू नकोस. त्यांच्यावर जो येईल त्याला आपल्या रिसॉर्टच्या पानावर पाठव.”

काम कोडच्या एका ओळीचं होतं. चाळीस घरांची नावं आमिष म्हणून लावायची आणि गिऱ्हाईक आपल्या दारात ओढायचं. सुचिता दोन दिवस कुढली, तिसऱ्या दिवशी तिने ती ओळ लिहिली. मुरुडात बसून एवढा पगार कोण देणार, असं तिने स्वतःला समजावलं. स्वतःला समजावायला माणसाला फार अक्कल लागत नाही.

दिवाळीच्या सुट्टीत कृष्णाबाईचा फोन आला. “बाय, माजं पान दाबलं तर कुनाचं तरी पोहायचं तळं दिसतंय. दोनी खोल्या रिकाम्या हायत. काय बिगडलंय गं?”

“बघते, मावशी.”

“कुनी मुद्दाम केलं असंल तर त्याचं वाटोळं व्हईल. सलिलशेठला इचारू का, कुनी केलं?”

“नको,” सुचिता म्हणाली, आणि फारच घाईने म्हणाली.

“तूच केलंस व्हय,” कृष्णाबाई म्हणाली.

कृष्णाबाईने फोन ठेवला.