घणसोलीच्या रेश्माचे आठशे मीटर

तीस वर्षं पेपरसाठी मैदानं कव्हर केली. कोण किती वेळात धावलं ते विसरलो, पण कोण काय बोललं ते वहीत साचत गेलं. यंदाची पानं घणसोली गावातल्या रेश्माने भरली.

जिल्ह्याच्या आठशे मीटरमध्ये रेश्मा पहिली आली, सीवूड्सची सानिका दुसरी. सानिकाच्या वडिलांनी लगेच लेखी हरकत घेतली: ही मुलगी वाटत नाही.

पंच म्हणाले, "नियम कुठला मोडला ते लिहा."

"नियम शोधतो हो. आधी तिचा आवाज तर ऐका."

"मी घड्याळ बघतो, साहेब."

*

हरकत जिल्हा संघटनेच्या समितीकडे गेली. सचिव मला म्हणाले, "राज्य निवडीतून रेश्मा स्वेच्छेने बाहेर राहील."

"स्वेच्छा कोणाची?"

"समितीची."

*

रेश्माच्या आईला बोलावलं. तिने टेबलावर पिशवी उपडी केली. "जनमाचा दाखला हाय, लशीचं कार्ड हाय, बारशाचा फोटू पन हाय. सुईन वारली, नायतर तिलापन आनली असती."

सचिवांनी तिला चहा विचारला. "चाय नको. पोरीचं नाव लिवा."

*

कागदांवर भागलं नाही, समितीने रेश्माची लिंगचाचणी करायचं ठरवलं. रेश्माचे कोच साताऱ्याचे, तळोज्यात कारखान्यात नोकरीला. मला वाटलं, चाचणीच्या नावानेच भडकतील. ते म्हणाले, "मुलींची शर्यत मुलींचीच राहिली पाहिजे. करा की चाचणी. पण आठही लेनची करा."

तसा अर्जच दिला त्यांनी. सानिकाचे वडील तणतणत आले. "माझ्या मुलीची कशाला? ती मुलगी आहे हे दिसतंय की."

कोच म्हणाले, "कागदावर येऊ दे."

*

आठही जणींच्या गालातून नमुने घेतले. निवडीच्या दिवसापर्यंत एकीचाही अहवाल आला नव्हता. तरी समितीने ठरवलं: धावतील सगळ्या, निकाल राखून ठेवायचा तो फक्त रेश्माचा. मी सचिवांना कारण विचारलं. म्हणाले, "तुम्ही पत्रकार प्रत्येक गोष्टीत कारण शोधता."

*

रेश्मा धावली. शेवटच्या वळणावर सानिका तिच्या खांद्याशी आली होती, तिथून रेश्मा सुटली ती सुटलीच. माइकवरून घोषणा झाली, "पहिला क्रमांक राखून ठेवला आहे. दुसरी, सानिका."

सानिका दुसऱ्या पायरीवर चढली. तिसरी आलेली मुलगी तिसऱ्या पायरीवर. सानिकाचे वडील खालून हात हलवत होते, "वर जा, वर जा."

फोटोग्राफर म्हणाला, "बेटा, मधे ये ना. फोटो रिकामा दिसतोय."

सानिका म्हणाली, "दिसू दे."