पंचफुलाबाईचं बेट

खुर्सीपार वस्तीतल्या पंचफुलाबाईनं एक बेट बनवलं, तेही नकळत. ठरवून बेट बनवायला कोण जातं म्हणा!

त्या उन्हाळ्यात वस्तीमागचा तलाव आटला आणि गाळ काढायचं काम निघालं. पंचफुलाबाई ठेक्यावर घमेली वाहत होती. तिचा नवरा प्रेमानंद नुकताच गेला होता. पोलादाच्या प्लँटमध्ये वितळलेल्या स्लॅगच्या, म्हणजे लोखंडाच्या मळीच्या, धगीत आयुष्य काढलेला माणूस. घरी आला की खाटेवर टेकून म्हणायचा, "पंचफुले, बस ना जरा." ही म्हणायची, "मले वेळ कोठं हाये?" भांडी, पाणी, चूल, तिचंही काही खोटं नव्हतं. पण तो गेल्यावर ते बोलणं तिच्या मागेच लागलं.

तलावाच्या मधोमध गाळाचा मोठा ढीग झाला होता. तिथवर ट्रॅक्टर जाईना, म्हणून मुकादमानं तो तसाच सोडला. पंचफुलाबाईनं त्यावर नवऱ्याची मूठभर राख घालून पिंपळाचं रोप लावलं. निवांत जागा आहे, रोज येऊन बसू, असं तिच्या मनात. आता तलाव म्हटला की पाणी येणारच ना? पण दुःखात माणसाला एवढंही सुचत नाही.

श्रावणात ढिगाला चारी बाजूंनी पाणी. तिला पोहता येत नव्हतं, नाव कुणाकडे नव्हती. संध्याकाळी ती काठावर उभी राहायची. प्लँटकडे स्लॅग ओतला की आभाळ लाल, पाणी लाल, आणि ढीग हलल्यासारखा वाटायचा.

"वाहून गेला तं?" तिनं लेकीला, करिष्माला, विचारलं.

"बेट तरंगत नाही, आई. खाली जमिनीले धरूनच राहते. चारी बाजूनं पानी भरलं का झालं बेट." मग कॉलेजात शिकणाऱ्या त्या पोरीनं समुद्रातली बेटं सांगितली. कुठं तळ फुटून वितळलेला दगड वर येतो, निवतो, थरावर थर चढतो. "बाबाच्या स्लॅग जैसा, समझो." कुठं इवल्या पोवळ्यांच्या सांगाड्यांची रास, कुठं नदीचा गाळ. "पर पानी काठ खातेही," ती म्हणाली.

त्यानंतर पंचफुलाबाईच्या स्वप्नात प्रेमानंद यायचा, बेटावर खाट टाकून बसलेला. इकडे ढीग खरंच लहान होत चालला होता. रोप तग धरेल की राखेसकट पाण्यात जाईल, याच घोरात तिचा हिवाळा गेला.

उन्हाळ्यात पाणी उतरलं, चिखल तडकला. तिनं लोटाभर पाणी घेतलं आणि तलावातून चालत निघाली. पावसाळाभर पाण्याच्या मधोमध राहिलेल्या झाडाला पाणी! काठावर करिष्माला हसू आलं.

पिंपळ कमरेएवढा झाला होता. मुळांनी उरलेली माती आवळून धरली होती. तिनं पाणी घातलं, पदरानं पानं पुसली आणि खाली बसली. बराच वेळ रडली.

"आई, चल ना, अंधेरा हो रहा है," करिष्मानं हाक मारली. "सैपाक पडला हाये."

"पडू दे," पंचफुलाबाई म्हणाली. "मी जरा बसून राहिली हाये."