आजींचे वडील एकदाच हिरो झाले होते

मंडळी, अजून अंगावर काटा आहे!

मी इथे सौदीत, धाहरानमध्ये फिजिओथेरपिस्ट आहे. मुलाकडे राहायला आलेल्या ब्रिटिश मार्गारेट आजी गुडघ्याच्या व्यायामासाठी माझ्याकडे येतात. त्यांचे वडील जुन्या ब्लॅक अँड व्हाइट सिनेमांत कायम हवालदार, वेटर नाहीतर टॅक्सीवाले. हिरो झाले एकदाच. तो सिनेमा पडला, पुढे त्याची प्रिंटही सापडेना. आजींनी तो कधी पाहिलाच नव्हता.

आज व्यायाम झाल्यावर मी सहज त्यांच्या वडिलांचं नाव यूट्यूबवर टाकलं. कुणीतरी तो अख्खा सिनेमा चढवलाय!

आजींनी माझा हात घट्ट धरला. "अगं, किती तरुण आहेत! माझ्या मुलापेक्षा लहान! शेवट लाव, मला धीर नाही."

शेवटी हिरो सुटलेल्या ट्रेनमागे धावतो. आजी इथे शिकलेल्या अरबीत ओरडल्या, "यल्ला, डॅडी, यल्ला!" म्हणजे चला, पळा!

आवाज ऐकून आमची सौदी रिसेप्शनिस्ट आली, बाहेर थांबलेले दोन पेशंटही आले. हिरोने ट्रेन पकडली आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

आजी रडत हसत होत्या. "या टाळ्या ऐकायला ते हवे होते गं."

तुमच्या घरातलं कुणी कधी पडद्यावर झळकलंय का? दोन सेकंद का होईना, शोधा आणि मला सांगा!